भारी औषध

टक्कल पडलेल्या माणसाच्या मानेकडचे केस काढून कपाळाकडे लावायचे, हा जावईबापूंचा धंदा. त्यात वाईट काही नाही. माळीही रोपं इकडची तिकडे लावतो, आणि बोलतो कमी. पण सासरच्या मंडळींचा असा पक्का समज होता, की माणसाच्या देहाचा सगळ्यात वरचा मजला ज्याच्या ताब्यात आहे, त्याला खालचे मजले आपोआप कळत असणार. कुणाचा पाय मुरगळला, विचारा जावईबापूंना. कुणाला झोप लागेना, विचारा जावईबापूंना. आणि जावईबापूंचं उत्तर ठरलेलं: "हलक्यासलक्या औषधानं काय होतंय? भारी द्यायला पाहिजे."

'भारी' हा शब्द त्या घरात देवासारखा होता. डॉक्टर भारी, तपासणी भारी, गोळी भारी. गोळी गिळताना घशात अडकली तर सासूबाईंना समाधान वाटे.

थोरली सून हे सगळं पाहत आली होती आणि मनातल्या मनात प्रत्येकाच्या नावावर मांडत आली होती. ती चष्म्याच्या दुकानात कामाला होती. तिथे बसून माणसाची जात तिला पुरती कळली होती. समोरच्या पाटीवरची ओळ वाचता न येणारं गिऱ्हाईक "मला दिसत नाही" असं कधीच म्हणत नाही. दिवा मंद आहे, पाटी वाकडी आहे, छपाई खराब आहे, असं म्हणतं. त्याला "तुमची नजर गेली" असं सांगितलं, तर ते तडक समोरच्या दुकानात जातं. "नजर अजून तरुण आहे हो तुमची, तिला जरा सोबत देऊ या" म्हटलं, की दूरचा एक आणि जवळचा एक असे दोन चष्मे घेऊन हसत बाहेर पडतं.

घरातला धाकटा, म्हणजे तिचा दीर, लिफ्ट दुरुस्त करायचा. लग्न केलेलं नव्हतं. "माझं काम वर-खाली करण्याचं, कुणाच्या संसारात थांबायला वेळ कुठे" म्हणायचा. त्याला रक्ताचा कॅन्सर निघाला, आणि औषधं सोडायला हॉस्पिटलनं त्याच्या दंडात एक बारीक नळी बसवली. नळीचं आतलं टोक थेट काळजापाशी. बाहेरचं टोक पट्टीखाली झाकलेलं. नळी तुंबू नये म्हणून दर आठवड्याला हॉस्पिटलात जाऊन ती आतून धुवून घ्यायची, आणि इतर कुणी तिचं बूच उघडायचं नाही, असं तिथल्या सिस्टरनं बजावून सांगितलं होतं.

"एवढ्याशा कामाला हॉस्पिटल?" जावईबापू म्हणाले. "आणि मी काय इथे सतरंज्या उचलायला आहे?"

त्यांच्या बायकोनं, म्हणजे थोरलीच्या नणंदेनं, अभिमानानं सगळ्यांकडे पाहिलं. सासूबाई म्हणाल्या, "घरचा डॉक्टर असताना परक्याच्या हातात कशाला द्यायचं?" धाकट्यानं थोरलीकडे पाहिलं. थोरलीनं खांदे उडवले. जावयाला 'नाही' म्हणणारा माणूस त्या घरात अजून जन्माला यायचा होता.

मग दर रविवारी तो सोहळा होऊ लागला. जावईबापू बाह्या सरसावून बसायचे. त्यांच्या दवाखान्यातून आणलेली सलाईनची मोठी बाटली, तिच्या रबरी बुचात कायमची खुपसून ठेवलेली एक जाड सुई. तिच्यातून पिचकारीत पाणी ओढायचं, नळीत सोडायचं, पिचकारी नळाखाली खळबळून डब्यात ठेवायची, पुन्हा पुढच्या रविवारी तीच. "तिकडे दर वेळी नवी फोडतात आणि फेकतात," ते सांगायचे. "नुसती नासाडी. शास्त्र कळत नाही, म्हणून नियम पाळतात." थोरला, म्हणजे थोरलीचा नवरा, दिवा धरून उभा राहायचा. थोरली स्टीलची ताटली धरायची. काम उरकलं, की सासूबाई ती बाटली उचलून खिडकीत त्यांच्या कुंड्यांच्या मधोमध ठेवायच्या. तिथे सकाळचं ऊन यायचं, आणि उन्हात वस्तू शुद्ध राहते अशी त्यांची खात्री.

एका रविवारी नळी धुऊन झाली, सगळ्यांचा चहा झाला, आणि धाकट्याला थंडी भरली. अशी भरली, की पलंगाचे पाय फरशीवर वाजू लागले.

"व्हायरल आहे," जावईबापू म्हणाले आणि गाडीची किल्ली शोधू लागले.

*

अतिदक्षता विभागाबाहेरच्या बाकावर जावईबापू पुन्हा फॉर्मात आले. येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येक नातेवाइकाला त्यांनी एकच गोष्ट सांगितली. हे लोक काहीतरी साधंसुधं देणार होते, पण त्यांनी इथल्या डॉक्टरना फोनवर झापलं आणि सगळ्यात भारी अँटिबायोटिक सुरू करायला लावलं. खरं म्हणजे फोन उचलला होता तो दारावरच्या रखवालदारानं. आणि ते औषध अशा तापात हॉस्पिटल पहिल्याच तासाला सगळ्यांना सुरू करतं, हे भिंतीवरच्या तक्त्यावर लिहिलेलं होतं. थोरलीनं तो तक्ता वाचला होता. वाचता येण्याजोग्या गोष्टी वाचायच्या, ही तिची सवय. घरात ती सवय तिला एकटीलाच होती.

भारी औषध रक्तात जात राहिलं आणि ताप जागचा हलेना. धाकट्याच्या नाकावर ऑक्सिजनचा मास्क चढला. थोरली आत गेली, तेव्हा त्याचे डोळे अर्धे मिटलेले होते.

"वहिनी," तो मास्कमधून म्हणाला, "मधेच अडकलोय बघ. ना वर, ना खाली."

"घंटा वाजवलीय भाऊजी. येतंय कुणीतरी."

"ऑपरेटर जेवायला गेला असेल," तो म्हणाला आणि हसता हसता त्याला दम लागला. त्यानंतर त्याचं बोलणं असंबद्ध होत गेलं. सातवा मजला, तेल घाला, दार नीट लावा. मग तेही थांबलं.

त्या दिवशी दुपारी मॅडमनी सगळ्यांना आत बोलावलं. मॅडम म्हणजे रक्ताच्या आजारांच्या डॉक्टर. खोली इतकी लहान, की गुडघे एकमेकांना लागत होते. टेबलावर नाक पुसायचे कागद ठेवले होते. ते पाहूनच नणंदेनं रडायला सुरुवात केली.

"रक्तात जंतू सापडलाय," मॅडम म्हणाल्या. त्यांनी जंतूचं नाव सांगितलं. ते इतकं लांबलचक होतं, की सासूबाईंना वाटलं तीन-चार सापडले. जावईबापूंनी ते पुन्हा म्हणून दाखवायचा प्रयत्न केला, अर्ध्या वाटेत ठेचकाळले आणि खोकल्याचा आधार घेऊन पलीकडे पोचले.

"हा मातीत राहतो," मॅडम पुढे म्हणाल्या. "पाण्यात, मोरीत, नळाच्या तोंडात. तुमच्या-माझ्यासारख्या धडधाकट माणसाकडे तो ढुंकून बघत नाही. पण अंगात लढायला पेशीच उरल्या नाहीत असा माणूस मिळाला, त्यातून आत शिरायला आयती वाट मिळाली, की जम बसवतो."

"माती?" सासूबाईंचा चेहरा उतरला. मुलगा अत्यवस्थ आहे हे ऐकूनही जो उतरला नव्हता, तो आता उतरला. "आमच्या घरात माती नाही हो. दोन वेळा फरशी पुसते मी."

"तुमच्या फरशीबद्दल नाही म्हणत, आजी."

"कंटॅमिनेशन," जावईबापूंनी निकाल दिला. "रक्त घेताना तुमच्याच लोकांनी घाण केली असणार. मातीतला जंतू माणसाच्या रक्तात काय करेल? आणि असला, तरी भारी औषध चालू आहे ना?"

"ते याला लागत नाही."

"म्हणजे?"

"लागतच नाही. हा जंतू मुळातच त्याला दाद देत नाही. उलट त्या औषधानं बाकीचे मेले आणि याला मैदान मोकळं झालं."

जावईबापूंच्या चेहऱ्यावर असा भाव आला, की कुणीतरी त्यांच्या देवळात चपला घालून शिरलंय. "मग त्याच्याहून भारी द्या!"

"डॉक्टर," मॅडम म्हणाल्या, आणि 'डॉक्टर' हा शब्द त्यांनी असा उच्चारला, की थोरलीला त्या बाईबद्दल एकदम आपुलकी वाटली, "भारी आणि हलकं हे गाद्यांच्या दुकानात. इथे लागू पडणारं आणि न पडणारं, एवढंच. याला लागू पडतं ते सल्फाचं औषध. फार जुनं आहे."

"जुनं?" सासूबाई नणंदेच्या कानात कुजबुजल्या, पण त्या खोलीत कुजबुज कुठे लपणार. "बघ, माझ्या लेकाला शिळं औषध देतायत."

मॅडमनी ते ऐकून न ऐकल्यासारखं केलं. "अडचण अशी आहे. जावईसाहेब म्हणतात तसं होऊही शकतं. हा जंतू रक्त घेतानाही तपासणीच्या बाटलीत येऊ शकतो. दुसऱ्यांदा रक्त पाठवलंय, पण त्याचं उत्तर येईपर्यंत थांबण्याइतकी ताकद पेशंटमध्ये नाही. आणि हा खरोखर रक्तात असेल, तर नुसत्या औषधानं भागत नाही. तो नळीच्या आतून बुळबुळीत थर धरून बसतो. नळीच काढावी लागते. पण पेशंटच्या शिरा संपल्यात, रक्त गोठत नाहीये. उगाच काढली तर रक्तस्राव होईल, आणि दुसरी बसवणं मुश्कील. ते सल्फाचं औषधही त्याच्या उरल्यासुरल्या पेशी आणखी कमी करू शकतं. म्हणून मला एका प्रश्नाचं खरं उत्तर पाहिजे." त्यांनी एकेकाकडे पाहिलं. "ही नळी हॉस्पिटलबाहेर कुणी उघडली होती का? इथे धुवायला तर ते कधीपासून येत नाहीयेत."

मग खोलीत जी धांदल उडाली, ती पाहण्यासारखी होती. थोरल्याच्या बुटाची नाडी अचानक सुटली आणि तो ती बांधायला वाकला. नणंदेनं पर्स उघडली आणि आत काहीतरी फार महत्त्वाचं शोधू लागली. जावईबापू छताकडे पाहत होते. छतावर त्यांच्या शास्त्रातलं काही लिहिलेलं असावं.

"छे!" सासूबाई म्हणाल्या. "कोण हात लावणार? सिस्टरनं सांगितलंय ना."

"हे लोक फार काळजी घेतात," जावईबापूंनी पुस्ती जोडली.

थोरलीला हसू यायच्या बेतात होतं, ते तिथेच विरलं. पोटचा पोरगा पलीकडच्या खोलीत श्वास मोजतोय, आणि त्याची आई जावयाची अब्रू झाकतेय! मुलगा गेला तर नशीब म्हणता येतं. जावई रुसला तर कुणाला सांगणार? सासूबाईंचं गणित हे असं होतं, आणि त्या स्वतः कधी ते मांडून बघणार नव्हत्या.

सरळ सांगून टाकावं? थोरलीनं विचार केला. सांगितलं, तर चार तोंडं एकदम उघडतील. सासूबाई शपथ घेतील, नणंद गळा काढेल, नवरा "तुला नीट आठवत नसेल" म्हणेल. मॅडमना त्यात दिसेल ते नणंद-भावजयीचं भांडण, आणि असली भांडणं त्या बाईनं या खोलीत रोज पाहिली असणार. एका सुनेच्या चहाडीवर कुणी नळी काढत नाही. हे ज्याचं त्याच्या तोंडून यायला हवं. आणि ते तोंड कशानं उघडतं, हे तिला चांगलं ठाऊक होतं.

"मॅडम, रागावू नका," ती अगदी मऊ आवाजात म्हणाली, "तुमच्या सिस्टर चांगल्या आहेत. पण त्यांचा हात जरा जड. नळी धुताना भाऊजी कळवळायचे. म्हणून तर इथे यायचे बंद झाले."

"असं?" मॅडम म्हणाल्या.

"आता हलका हात काही शिकून येत नाही. तो असावा लागतो. आमच्या जावईबापूंचंच बघा. एकेक केस उचलून लावतात, पण रक्ताचा थेंब दिसायचा नाही. लोक लांबून लांबून येतात." जावईबापूंची नजर छतावरून खाली उतरली. "त्यांनी मनात आणलं असतं, तर या नळीचं काय एवढं! पण नाही जमायचं म्हणा. डोक्याचं वेगळं आणि हे वेगळं. हे तुमच्यासारख्या मोठ्या माणसांचं काम. जावईबापूंच्या आवाक्यातलं नाही ते."

"आवाक्यातलं नाही म्हणजे?" जावईबापू म्हणाले.

"नाही, मी आपलं म्हटलं."

"वहिनी, तुम्ही ताटली धरून उभ्या होता ना? एकदा तरी तो 'आई गं' म्हणाला का? एकदा तरी?" ते मॅडमकडे वळले. "मॅडम, प्रत्येक रविवारी मी स्वतः करत होतो. एका दमात. तुमच्या सिस्टरना बोलवा, दाखवतो त्यांना."

नणंदेच्या पर्समधून किल्ल्या खाली पडल्या.

"अच्छा," मॅडम जराही न हलता म्हणाल्या. "कशानं धूत होता?"

आता खरं म्हणजे शहाण्या माणसानं थांबायला हवं होतं. पण अर्ध्यावर आलेली बढाई मागे घेता येत नाही. ती शिंकेसारखी असते. "सलाईननं. दवाखान्यातली मोठी बाटली. एकदा उघडली की पुरवून वापरायची. सुई बुचातच ठेवायची, म्हणजे पुन्हा पुन्हा टोचावं लागत नाही. मी ही पद्धत स्वतः बसवलीय."

"बाटली ठेवता कुठे?"

"खिडकीत," सासूबाई म्हणाल्या. इतका वेळ सगळं कौतुक जावयाच्या वाट्याला जात होतं, त्यात आपलाही हातभार आहे हे मॅडमना कळायला नको का? "माझ्या कुंड्यांच्या मधे. कोवळं ऊन लागतं तिथे. आणि झाडांना पाणी घालताना चिखल उडतो ना, म्हणून मी त्या बाटलीचं तोंड रोज आठवणीनं पदरानं पुसते."

मॅडम उठल्या. "नळी काढतोय," त्या म्हणाल्या. "आत्ता. आणि ती बाटली घरून आणा. पुसू नका."

*

बाहेरच्या बाकावर नणंद थोरलीवर धावून आली. "मुद्दाम केलंस तू, वहिनी!"

"मी काय केलं? मी तर यांचं कौतुक केलं. सगळ्यांनी ऐकलं."

"जावयाची मान खाली गेली गं," सासूबाई डोळे पुसत म्हणाल्या. आणि ते डोळे नेमके कशासाठी ओले झाले होते, हे त्यांचं त्यांनाही सांगता आलं नसतं.

"आई, मान खाली गेली तर वर येते. श्वास गेला तर येत नाही."

थोरला म्हणाला, "जाऊ दे ना आता," आणि सगळ्यांना चहा आणायला गेला. त्याच्या आयुष्यातल्या प्रत्येक पेचप्रसंगी त्यानं चहाच आणला होता.

नळी निघाली. रक्त बराच वेळ थांबलं नाही. एक सिस्टर धाकट्याच्या दंडावर हात दाबून बसून राहिली. सल्फाचं जुनं, शिळं, हलकं औषध थेंब थेंब जाऊ लागलं. दुसऱ्या रक्तात तोच जंतू निघाला, बाटलीच्या तळाशीही तोच. ताप एकदम उतरला नाही. थोडा खाली, पुन्हा वर, मग आणखी थोडा खाली, असा उतरला. एके सकाळी धाकट्यानं डोळे उघडले आणि लिफ्टचं दार कुणी उघडलं म्हणून विचारलं.

दरम्यान घरात एक वेगळाच आजार बळावला होता. जावईबापू रुसले होते. ते हॉस्पिटलकडे फिरकले नाहीत. त्यांनी नणंदेकरवी निरोप धाडला, की आपण वेळेवर माहिती दिली म्हणून निदान झालं, तरी कुणी साधे आभार मानले नाहीत. सासूबाईंना हे एकदम पटलं. दोन दिवसांत सगळ्या नातेवाइकांना ते पाठ झालं: जावईबापू बोलले, म्हणून पोरगा वाचला. थोरलीनं ते ऐकलं आणि सोडून दिलं. गोष्ट अगदीच खोटी नव्हती.

पण सासूबाईंना तेवढ्यानं चैन पडेना. त्या धाकट्याच्या उशाशी फोन घेऊन बसल्या. "एकदा बोल त्यांच्याशी. तुमचा काही दोष नाही म्हण. तुझ्या बहिणीकडे बघून म्हण."

धाकट्याला अजून पेला धरवत नव्हता. थोरलीनं फोन त्याच्या कानाशी धरला.

"जावईबापू," तो खोल गेलेल्या आवाजात म्हणाला, "तुमचा काही दोष नाही. दोष कुंड्यांचा. या तुम्ही. फक्त येताना हात खिशात घालून या."

सासूबाईंनी कपाळावर हात मारला. थोरलीनं तोंड फिरवलं, कारण हसू आवरत नव्हतं, आणि हसता हसता भलतंच काहीतरी डोळ्यांत येत होतं, जे तिला या मंडळींसमोर दाखवायचं नव्हतं.

जावईबापू तरी आले. पुतण्याच्या लग्नात घालायचा असा कोट घालून, नणंदेला अर्धं पाऊल मागे ठेवून. धाकट्याच्या दुसऱ्या दंडात आता नवी नळी बसली होती. मॅडमनी मोठ्या मुश्किलीनं एक शीर शोधून काढली होती. जावईबापूंनी दारातूनच ती हेरली. चेहऱ्यावर तज्ज्ञाची आठी आली, हात पुढे झाला.

"जरा वर बसवलीय," ते म्हणाले. "बघू—"

"हात," सिस्टर म्हणाली.

"अहो, मी डॉक्टर आहे."

"म्हणूनच." तिनं भिंतीवरच्या सॅनिटायझरच्या बाटलीकडे बोट केलं. जावईबापूंनी दोन थेंब घेऊन तळवे एकमेकांना लावल्यासारखे केले. "असं नाही. बोटांच्या मधे. नखं. अंगठे. मनगट. पुन्हा."

"पुन्हा?"

"पहिल्यांदा झालंच नाही ते. आणि घड्याळ काढा. आणि नळीला तरीही हात लावायचा नाही. लांबून बोला."

ताठ कोटातल्या त्या माणसानं घड्याळ काढून बायकोच्या हातात दिलं आणि पहिलीतल्या पोरासारखा एकेक बोट चोळू लागला. थोरला लगबगीनं चहा आणायला निघाला. सासूबाई खिडकीबाहेर पाहू लागल्या. तिथे समोरच्या इमारतीची कोरी भिंत होती, तरी त्या ती मन लावून पाहत राहिल्या. धाकट्यानं मात्र मान उशीवर नीट वळवली, म्हणजे सगळं दिसेल अशी.

"वहिनी," तो म्हणाला, "अंगठा राहिला बघ त्यांचा. डावा."